एक जूनचा जन्म

पंजाबरावच्या दुकानात कागदाची नुसती झेरॉक्स होत नाही, तो कागद वाचलाही जातो. अमरावतीच्या कलेक्टर कचेरीसमोरच्या टिनाच्या खोलीत पंजाबराव बावीस वर्षं बसून आहे आणि अर्ध्या शहराचे वारस, सातबारे, आजार आणि काडीमोड त्याच्या चष्म्याखालून गेलेले आहेत. मेच्या दुसऱ्या आठवड्यात, डांबर चपलेला चिकटत होतं अशा दुपारी, अब्दुल गफ्फार दोन कागद घेऊन त्याच्यापुढे उभा होता. एक त्याच्या स्वतःच्या सेवापुस्तकाचं पहिलं पान, निवृत्तीच्या कामाला लागणारं. दुसरं, तो ज्या मतिमंद मुलांच्या बालगृहात कारकून होता तिथल्या देवमन नावाच्या मुलाचं दिव्यांगत्वाचं प्रमाणपत्र, त्या मुलाला दुसरीकडे हलवायच्या फाइलला लावण्यासाठी. पंजाबरावने दोन्ही कागद काचेवर पालथे घातले, झाकण लावता लावता पुन्हा उचलले, आणि चष्मा कपाळावर सारून एकदा हा पाहिला, एकदा तो.

"गफ्फारभाऊ, तुमची तारीख एक जून. या पोट्ट्याचीबी एक जून. बापलेक होय का?"

"नाई. ऑफिसचं काम हाय."

"मले वाटलं. फोटूत मानबी तुमच्यासारखीच धरते तो."

गफ्फार हसला, कारण पंजाबराव हसला होता. मशीनमधून कागद बाहेर आले ते गरम होते, आणि ते गरम कागद छातीशी धरून तो उन्हात उभ्या असलेल्या आपल्या स्कूटरपाशी आला. त्याने प्रमाणपत्राची प्रत उलगडून फोटो पाहिला. देवमनची मान डावीकडे जराशी कललेली. गफ्फारची मान लहानपणच्या गळवापासून तशी आहे, ऑफिसात फोनचा रिसीव्हर खांद्यावर दाबून लिहायच्या सवयीने ती आणखी कलली. देवमनला गळू झालं नव्हतं आणि त्याला कधी कुणाचा फोन आला नव्हता. ही मान त्याने कुठून आणली, हे पंजाबरावला दोन मिनिटांत कळलं आणि आपल्याला बारा वर्षांत कळू नये, याची गफ्फारला उन्हात उभ्या उभ्या लाज वाटली.

एक जूनला जन्मलेल्या माणसांची आपल्याकडे एक जातच आहे. शाळा जूनमध्ये उघडते, पोराला सहा वर्षं पूर्ण पाहिजेत, बापाला तारीख ठाऊक नसते, मग मास्तर दौतीत टाक बुडवून एक जून लिहून मोकळा होतो. बाळापूरच्या उर्दू शाळेत गफ्फारच्या वर्गातली निम्मी मुलं एकाच दिवशी जन्मली होती. त्याच्या आईने मास्तरला सांगून पाहिलं होतं की मन नदीचं पाणी पुलावर चढलं त्या सालचा आहे हा, पेरणी झालेली होती. मास्तर म्हणाला, नदीची तारीख रजिस्टरात बसत नाही. त्या मास्तरच्या हाताने गफ्फारची सगळी नोकरी बेतून दिली होती. एक जूनचा माणूस अठ्ठावन्न वर्षांचा होतो त्याच्या आदल्या दिवशी, म्हणजे एकतीस मेला, घरी बसतो. म्हणून दर वर्षी एकतीस मेला महाराष्ट्रभर सरकारी आणि अनुदानी ऑफिसांतून शाली आणि नारळ घेतलेली माणसं रांगेने बाहेर पडतात. या वर्षी गफ्फारही पडणार होता. आणि देवमनही, कारण एक जूनला तो अठरा वर्षांचा होणार होता, आणि अठरा पुरी झालेल्याला मुलांच्या घरात राहता येत नाही. दोघांची तारीख एक होती यात नवल काहीच नव्हतं. देवमनची तारीख गफ्फारनेच तर लिहिली होती.

ती दुपार त्याला तुकड्या तुकड्यांनी आठवायची. आज अकोला रोडच्या सिग्नलला स्कूटर थांबली आणि सगळीच आठवली. अकोला स्टेशनवरून रेल्वे पोलिसांचा एक हवालदार मुलाला घेऊन आला होता. मूल म्हणजे हाडं आणि डोळे. फलाटावरच्या नळाखाली बसलेलं सापडलं, तीन दिवस कुणी विचारायला आलं नाही, बोलत काही नाही, आणि हवालदाराच्या पट्ट्याला जे धरलं होतं ते सोडत नाही. गफ्फारने प्रवेशाचा फॉर्म पुढे ओढला. त्याला नोकरीच्या पहिल्या महिन्यात जुन्या हेडक्लार्कने एकच गोष्ट शिकवली होती: रकाना कोरा ठेवायचा नाही, कोरा रकाना माणसाला खातो. नाव? हवालदार म्हणाला, "माझंच लिवा की. देवमन." आडनाव? अकोल्याला सापडला, अकोलकर. वडील, अज्ञात. धर्म, अज्ञात. मग वय. काळजीवाहक पार्बताबाईने मुलाच्या तोंडात बोट घालून दात मोजले आणि सांगितलं, "चारचं हाय, बाप्पा. लय झालं तर साडेचार."

गफ्फारचं पेन तिथे थांबलं. सहा वर्षांखालचं मूल नियमाने शिशुगृहात जायला पाहिजे, आणि असं मूल घ्यायला तयार असलेलं शिशुगृह वऱ्हाडात नव्हतं. मुंबईला एक होतं. पूर्वी दोन लेकरं तिकडे गेली होती, त्यांचं पुढे काय झालं हे विचारणारा कागद गफ्फारनेच लिहिला होता आणि त्याला उत्तर आलं नव्हतं. मुलाने तेवढ्यात हवालदाराचा पट्टा सोडला आणि टेबलावर आलेली गफ्फारची बाही धरली. त्याने विचार केला असं म्हणणं खोटं होईल. हाताने लिहिलं: सहा वर्षे. जन्मतारीख, एक जून. आठवड्याने भेट देणाऱ्या डॉक्टरांनी कागदावरून नजर न उचलता सही केली. दोन वर्षं गफ्फारने त्या मुलाच्या वयात पदरची घातली होती, आणि त्या संध्याकाळी घरी जाताना आपण एक चांगलं काम केलं याचं त्याला समाधान वाटलं होतं. आता तीच दोन वर्षं तो मुलगा फेडणार होता. खरं वय लिहिलं असतं तर आज तो सोळाचा असता, अजून दोन वर्षं त्याच दारात, त्याच पलंगावर. करायला गेलो एक आणि झालं भलतंच, असं आपण सहज म्हणतो. सिग्नल हिरवा झाला आणि मागच्या रिक्षाने भोंगा वाजवला तरी गफ्फारला ते सहज म्हणता येईना.

देवमनला बारा वर्षांत वीसेक शब्द आले. पाणी, बाई, भाजी, आणि काही दुसऱ्यांची वाक्यं जशीच्या तशी. पावणेसहाला ऑफिस बंद व्हायचं. ते घड्याळ देवमनच्या अंगात होतं. तो कुठे असेल तिथून उठून यायचा, खुर्चीच्या पाठीला अडकवलेली गफ्फारची कापडी पिशवी काढायचा, डबा आत आहे की नाही हे वरून दाबून पाहायचा आणि ती पिशवी फाटकापर्यंत घेऊन चालायचा. फाटकाशी पिशवी हातात द्यायचा. गफ्फार म्हणायचा, "येतो बेटा उद्या." मग स्कूटर शिवमंदिराच्या कोपऱ्यावरून वळेपर्यंत देवमन गज धरून उभा. यात फक्त एक अडचण होती. देवमनला परवा कळत नव्हतं. शनिवारी "परवा येतो" म्हटलं की तो पिशवी सोडायचाच नाही. म्हणून गफ्फार शनिवारीही "उद्या" म्हणायचा, आणि म्हटलं म्हणून रविवारी दहा मिनिटांसाठी यायचा. बारा वर्षांचे रविवार. त्याची बायको कुलसुमबी सुरुवातीला चिडवायची की सवत परवडली असती, तिला निदान सुट्टी असते. ज्या दिवशी दुसऱ्या दिवशी येणं शक्यच नसे, मुलाच्या, हसनैनच्या लग्नाच्या वेळी किंवा नागपूरला तपासणीला जाताना, त्या दिवशी गफ्फार मागच्या दाराने, स्वयंपाकघराच्या बाजूने निघून जायचा. ते त्याला आवडत नव्हतं, पण खोटं बोलण्यापेक्षा बरं वाटायचं.

पूर्वी अठरा वर्षांची मुलंही राहायची. कुठे जाणार होती? मोठी झालेली लहानांना भरवायची, ताटं उचलायची, आणि शासनाला पाठवायच्या तक्त्यात त्यांची वयं दर वर्षी जिथल्या तिथेच राहायची. मग परिपत्रक आलं. ते काढणारा माणूस दुष्ट होता असं गफ्फार कधी म्हणाला नाही; कुठल्याशा गावी मोठ्यांनी लहानांचे हाल केले होते आणि लहान मुलांच्या घरात लहानच असावीत हा विचार काही वाईट नव्हता. फक्त नियम आधी आला आणि मोठ्यांसाठी घरं मागून येणार होती. ती अजून येत होती. तोवर राज्यात जिथे जागा निघेल तिथे मूल पाठवायचं. हजेरीला अंगठ्याचं मशीन बसलं आणि ज्या दिवशी अठरा पूर्ण झाली त्या दिवशी मशीन अंगठा ओळखेनासं झालं. तोच अंगठा, तेच मूल. अकरा जण गेले. अकराही पत्रं गफ्फारने लिहिली, "पुढील पुनर्वसनासाठी निर्गमित करण्यात येत आहे." हे वाक्य त्याला इतकं पाठ झालं होतं की लिहिताना डोकं लागत नसे. मग त्या अकरातल्या भगवंतबद्दलचं उत्तर आलं. भगवंत हसरा होता, सगळ्यांचे जोडे जोडीने लावायचा. त्याला मराठवाड्यात पाठवून आठ महिने झाले होते. पत्र तीन ओळींचं होतं, सदर प्रवेशित अन्नपाणी न घेतल्याने आजारी पडून मयत. गफ्फारने पत्राला आवक क्रमांक दिला. पार्बताबाईला सांगितलं तेव्हा ती कपडे पिळत होती, ती पिळतच राहिली. "त्याले आधी नाव घेऊन हाक मारा लागे," ती म्हणाली. "ताट ठुलं अन् हाक नाई मारली, तं तो समजे की दुसऱ्याचं हाय. त्याइले कोनं सांगतलं असन?"

देवमनचं तसंच होतं. त्याच्या ताटाच्या कडेवर बोटाने दोनदा वाजवलं की तो जेवायचा. नाही वाजवलं तर तासभर ताटाकडे पाहत बसायचा. का, ते कुणालाच माहीत नव्हतं. अकोला स्टेशनच्या आधीच्या आयुष्यात कुणीतरी त्याच्या ताटावर वाजवलं असेल, आणि त्या कुणाचं एवढंच काय ते त्याच्यापाशी उरलं होतं.

घरी गफ्फार आणि कुलसुमबी हिंदीतच बोलत. पण कुलसुमबी हिवरखेडची, शेतावर मजुरिणींबरोबर वाढलेली, आणि गोष्ट जिवाची असली की ती वऱ्हाडीत यायची. झेरॉक्सचं सगळं ऐकून घेतल्यावर ती हातातला लसूण सोलत म्हणाली, "मंग आना त्याले घरी."

"इतकं सोपं नाई ते."

"हसनैनची खोली बंदच हाय. तो आता पुन्याहून येते कवा, ईदले. खाट हाय, पंखा हाय. काहून सोपं नाई?"

गफ्फारने तिला पुष्कळ सांगितलं. की कायदा असतो, की मुलगा बारा किलोमीटरवरून पाहायला बरा वाटतो, चोवीस तास वेगळं. की त्याला झटके येतात. की आपलं वय काय, आपण गेल्यावर हसनैनच्या गळ्यात पडेल. की ज्याचा धर्म अज्ञात त्याला मुसलमानाच्या घरी नेलं तर उद्या कोण काय बोलेल याचा नेम नाही. एकेक कारण खरं होतं. खऱ्या कारणांची एवढी मोठी रास आपल्यापाशी तयार होती, जणू कित्येक वर्षांपासून रचून ठेवली होती, हे बोलता बोलता त्याच्या ध्यानात आलं. "पहिले अर्ज करून पाहतो," तो म्हणाला. "वय मी चुकीचं लिहिलं हे सांगतो. दोन वर्षं तरी भेटतीन." कुलसुमबीने लसणाची सालं फुंकून टाकली. ती काही म्हणाली असती तर बरं झालं असतं.

अधीक्षक माया वानखडे त्याच्यापेक्षा वीस वर्षांनी लहान, परीक्षा देऊन आलेल्या, नियमाला पक्क्या. त्यांनी त्याचा कबुलीचा अर्ज दोनदा वाचला. "गफ्फारभाऊ, निवृत्तीला सतरा दिवस आहेत. खोटी नोंद केली असं स्वतः लिहून देता? चौकशी लागली तर सगळं अडकेल."

"लागू द्या, मॅडम."

"एवढं का पण?"

त्याला भगवंतचं नाव घ्यायचं होतं. तो म्हणाला, "नोंद चुकली तं दुरुस्त करा लागते." माया मॅडमनी त्याच्याकडे पाहिलं, खालच्या समासात शिफारस लिहिली आणि वयाच्या तपासणीसाठी जिल्हा रुग्णालयाला पत्र दिलं. त्यांनाही भगवंत आठवत असावा. त्या पत्रावर जावक क्रमांक टाकताना गफ्फारला कित्येक वर्षांनी हलकं वाटलं. आपण गुन्हा केला आहे, तो सिद्ध होईल, आणि मुलगा वाचेल. नमाजात त्याने त्या आठवड्यात जे मागितलं ते कुणी मागितलं नसेल: या अल्लाह, मी खोटारडा निघू दे.

एक्स-रेच्या खोलीत देवमन आत जाईना. मग गफ्फारने आधी स्वतःचा हात त्या थंड पाटीवर पसरून ठेवला, आणि देवमनने त्याच्या शेजारी आपला ठेवला. गफ्फारने हात काढून घेतला तेव्हा देवमन दचकला, पण हलला नाही. बाहेर बाकावर दोघं बसले. देवमनचा पंजा गफ्फारपेक्षा मोठा झाला होता, मनगटावर केस आले होते, ओठावर कोवळी मिशी. रोज पाहणाऱ्याला हे दिसत नाही. डॉक्टर तरुण होते, भल्या स्वभावाचे. त्यांनी फिल्म उजेडात धरून मनगटाची हाडं दाखवली, ती कशी जुळून आलीत ते दाखवलं, दाढा पाहिल्या. "अठरा पूर्ण. एकोणीसही असेल," ते म्हणाले. "तुम्ही चार वर्षांचा समजलात? सहा-सातचा असणार तेव्हा. उपाशी पोरगं वाढत नाही हो, बाबा. दातही उशिरा येतात. तुमची नोंद बरोबर होती."

तुमची नोंद बरोबर होती. रुग्णालयाच्या पायऱ्या उतरताना गफ्फारने देवमनचा हात धरला होता की देवमनने त्याचा, हे सांगता येणार नाही. बारा वर्षं त्याला वाटत होतं की आपण त्या मुलाला दोन वर्षं दिली. आठ दिवसांपासून वाटत होतं की आपण ती दोन वर्षं चोरली. त्याने दिलंही नव्हतं आणि चोरलंही नव्हतं. त्याने नुसतं लिहिलं होतं, आणि मुलाचं हाड आपल्या हिशेबाने वाढत गेलं होतं. आता कबूल करायला काही उरलं नव्हतं. अपराध होता तोवर एक धागा होता, ज्याचं एक टोक त्याच्या हातात होतं. आता त्याच्यापाशी कुलसुमबीचं 'आना त्याले घरी' हे एक वाक्य तेवढं उरलं, आणि ते वाक्य ऐकायला लागू नये म्हणूनच आपण एवढा खटाटोप केला, कबुलीचं शौर्य केलं, हे त्याला रिक्षात बसल्यावर लख्ख दिसलं. तो फार भला माणूस होता, असं सगळे म्हणत. सकाळी दहा ते पावणेसहा, आणि रविवारी दहा मिनिटं.

मग त्याने माया मॅडमना पालकत्वाचं विचारलं. अगदी सहज, दुसऱ्याच कुणासाठी विचारतो तसं. त्यांनी कपाटातून फॉर्म काढला. "अठरा पूर्ण झाल्यावरच अर्ज करता येतो. एक दिवस आधीची तारीख असली तरी परत येतो. कलेक्टरांची समिती बसेल तेव्हा बसेल, सहा महिने, वर्ष, तोवर तो तिकडेच. घरी येऊन पाहतील, वय विचारतील, सगळं विचारतील. मिळेलच असं मी सांगत नाही." मग त्या थोड्या हसल्या. "नातं नसलं तरी चालतं कायद्यात. पण नात्याचा रकाना कोरा असला की तिथला कारकून फॉर्म परत पाठवतो. तुम्हीही पाठवला असता."

फॉर्म पिशवीत गेला आणि तिथेच राहिला. रोज संध्याकाळी देवमन वरून दाबून डबा आहे का पाहायचा, तेव्हा त्याच्या बोटांखाली तो कागद कुरकुरत असेल. गफ्फार रोज घरी तो काढायचा आणि त्या रकान्यापाशी अडायचा. अर्जदाराचे दिव्यांग व्यक्तीशी नाते. कर्मचारी? तो तर उद्यापरवा नसणार. परिचित? परिचित तर पंजाबरावही आहे. कुलसुमबी चहा ठेवून निघून जायची. एके दिवशी तो घरी आला तर हसनैनच्या खोलीची खिडकी उघडी होती आणि गादी उन्हात टाकलेली होती. ईद जवळ आली होती, हसनैन येणार होता, गादी त्याच्यासाठीच असेल. त्याने विचारलं नाही.

निर्गमनाचा तक्ता त्याच्याच हातचा शेवटचा कागद ठरला. उंची, वजन, बुद्ध्यांक, प्रमाणपत्र क्रमांक, औषधं. पार्बताबाई टेबलाशी येऊन उभी राहिली. तिला वाचता येत नव्हतं, पण कागदावर कुठे काय असतं हे तिला कळायचं.

"ताटाचं लिवलं का?"

"त्याले रकाना नाई, बाई."

"मंग कर ना रकाना. इतके वर्सं काय केलं तुनं?"

शेवटी शेऱ्याची जागा होती, दोन बोटांची. शेरा कुणी वाचत नाही हे त्याच्याइतकं कुणाला ठाऊक असणार. तरी त्याने बारीक अक्षरात लिहिलं: ताटाच्या कडेवर बोटाने दोनदा वाजवल्याशिवाय जेवत नाही. कृपया वाजवावे. 'कृपया' त्याने तक्त्यात आयुष्यात पहिल्यांदा लिहिलं.

एकतीस मेला चार वाजता छोटासा समारंभ झाला. शाल, नारळ, माया मॅडमचं चार वाक्यांचं भाषण. मुलांना बुंदी मिळाली, म्हणून सगळे खुश होते. जीप पाच वाजता यायची होती ती साडेपाचला आली. ती अकोल्यावरून, बाळापूरच्या पुलावरून, पुढे खानदेशात धुळ्याच्याही पलीकडे जाणार होती. ज्या स्टेशनवर तो मुलगा सापडला तिथून आणि ज्या नदीला गफ्फारच्या जन्मसाली पूर आला तिच्यावरून, आणि दोन्ही ठिकाणी थांबायचं काही कारण नव्हतं. जीपबरोबर आलेला माणूस सह्या घेऊन घाई करत होता. गफ्फार ऑफिसात किल्ल्या सोपवत होता आणि त्याच्या पायांना मागचं दार आठवत होतं. स्वयंपाकघराची बाजू, पाण्याची टाकी, तारेचं कुंपण. शाल काखेत मारून निघून गेलं की झालं. आयुष्यभर जे जमलं ते एक दिवस आणखी जमलं असतं.

पावणेसहाला देवमन आला. अंगात नवा शर्ट, केसांना पार्बताबाईने चोपडलेलं तेल. त्याने खुर्चीच्या पाठीवरून पिशवी काढली, वरून दाबून डबा पाहिला, आणि रोजच्यासारखा पुढे चालू लागला. गफ्फार मागून गेला. फाटकाशी जीपचं दार उघडं होतं. देवमनने जीपकडे पाहिलं नाही. त्याने पिशवी गफ्फारच्या हातात दिली आणि ऐकायला थांबला. मान डावीकडे कललेली.

गफ्फारला खोटं बोलवत नव्हतं आणि खरं येत नव्हतं. जीपवाल्या माणसाने देवमनला दंडाला धरलं. पार्बताबाई त्याच्याबरोबर दोन पावलं गेली, त्याला आत बसवलं, सीटवर बोट दोनदा वाजवून त्या माणसाला काहीतरी सांगू लागली. तो माणूस हो हो म्हणत दार लावत होता. जीप सुरू झाली. तेव्हा कुठे देवमनला कळलं की आज जाणारा तो आहे, थांबणारा गफ्फार. निदान त्याच्या चेहऱ्यावरून तसं वाटलं. तो रडला नाही, ओरडला नाही. त्याने खिडकीतून हात बाहेर काढला आणि जाणाऱ्याने जे म्हणायचं असतं ते म्हणाला, गफ्फारच्याच आवाजात, त्याच्याच चढउतारात.

"येतो बेटा उद्या."

जीप शिवमंदिराच्या कोपऱ्यावरून वळेपर्यंत गफ्फार गज धरून उभा राहिला. देवमन जिथे धरायचा तिथला गज गुळगुळीत झाला होता. बारा वर्षांत ते वाक्य एकदाही खोटं पडलं नव्हतं. म्हणणाऱ्याने ते पडू दिलं नव्हतं; आणि आता जो म्हणून गेला त्याला ते खोटंही पडू शकतं हे माहीतच नव्हतं. तो उद्या तिथे परक्या ताटापुढे बसेल आणि वाट पाहील. कुणी कितीही समजावलं तरी त्याला परवा कळणार नाही.

"गफ्फारभाऊ, फाटक लावू का?" चौकीदार महादेवराव म्हणाला.

"थांबा जरा. पेन हाय का तुमच्यापाशी?"

महादेवरावने कानावरचा पेन काढून दिला. गफ्फार त्याच्या स्टुलावर बसला, डबा मांडीवर आडवा ठेवला आणि त्यावर फॉर्म पसरला. शाल खांद्यावरून घसरून मातीत पडली, ती महादेवरावने उचलून झटकली आणि हातात धरून उभा राहिला. नाव, पत्ता, वय ही सोपी होती. नात्याच्या रकान्यात त्याने 'सांभाळलेला मुलगा' असं लिहिलं, आणि अक्षर नेहमीसारखंच आलं. हा कागद पुन्हा पंजाबरावच्या काचेवर जाणार, तो पुन्हा वाचणार, पुन्हा विचारणार. विचारू दे. मग खाली सहीपाशी तो थांबला. आजची तारीख घातली तर फॉर्म परत येईल. त्याने सही केली आणि तिच्याखाली उद्याची तारीख घातली.